लॉगच्या समीकरणात अपूर्णांक आला की उत्तर कुठे हरवतं आणि कुठे जास्तीचं येतं

प्रश्न थोडक्यात असा. लॉग(क्ष − ४) − लॉग(क्ष − १) = लॉग २ हे समीकरण सोडवलं की क्ष = −२ येतं, पण पुस्तकाच्या मागे उत्तर आहे ‘उकल नाही’. त्याच धड्यात पुढे लॉग[(क्ष − ४)/(क्ष − १)] = लॉग २ असं उदाहरण आहे. तेही −२ वरच येऊन थांबतं, आणि तिथे मात्र −२ हेच उत्तर बरोबर दिलंय. भागाकाराच्या नियमाने ही दोन्ही समीकरणं एकच ना, मग उत्तरं वेगळी कशी? याशिवाय आणखी दोन उदाहरणं विचारली आहेत. लॉग क्ष − ६/(लॉग क्ष) = १, ज्यात एक किंमत ऋण आली म्हणून तुम्ही खोडून टाकली; आणि (लॉग क्ष)/क्ष = १/४, जे काही केल्या सुटत नाही.

मी हा विषय बरीच वर्षं अकरावी-बारावीला आणि इंजिनीअरिंगच्या पहिल्या वर्षाला शिकवत आलो आहे. पहिला प्रश्न मला सगळ्यात मोलाचा वाटतो, कारण तो नीट समजला की बाकीच्या चुकांपैकी बऱ्याचशा आपोआप टळतात. म्हणून त्यावर जास्त वेळ देतो.

आधी खुणेबद्दल एक गोष्ट. या उत्तरात नुसतं ‘लॉग’ लिहिलं की ते नैसर्गिक लॉगॅरिदम, म्हणजे पाया ई, सुमारे २.७१८२८. पाया १० असेल तिथे तसं स्पष्ट लिहीन. सायंटिफिक कॅल्क्युलेटरवर ‘लॉग’ नावाचं बटण पाया १० चं असतं आणि ‘एलएन’ हे नैसर्गिकचं. उत्तर जुळत नसेल तर रीत तपासण्याआधी बोट कोणत्या बटणावर पडलं ते बघा.

आता ती जोडी.

लॉग(क्ष − ४) − लॉग(क्ष − १) = लॉग २ यात दोन वेगळे लॉग आहेत. प्रत्येक लॉगच्या कंसातली संख्या धन असलीच पाहिजे. पहिल्यासाठी क्ष > ४, दुसऱ्यासाठी क्ष > १. दोन्ही अटी एकाच वेळी पाळायच्या, म्हणून क्ष > ४. हा झाला या समीकरणाचा प्रांत. −२ त्यात बसतच नाही. −२ ठेवून पाहिलं तर लॉग(−६) − लॉग(−३) असं काहीतरी होतं, ज्याला वास्तव संख्यांमध्ये अर्थ नाही. म्हणून उकल नाही.

दुसऱ्या समीकरणात लॉग एकच आहे. त्याची अट फक्त एवढी की (क्ष − ४)/(क्ष − १) हा पूर्ण अपूर्णांक धन असावा. अंश आणि छेद दोन्ही धन असतील तर तो धन असतो, आणि दोन्ही ऋण असतील तरीही धन असतो! म्हणजे इथे क्ष > ४ चालतं आणि क्ष < १ सुद्धा चालतं. −२ ठेवा: −६ भागिले −३, म्हणजे २. लॉग २ = लॉग २. पडताळा झाला, उकल बरोबर.

थोडक्यात, लॉग(अ/ब) = लॉग अ − लॉग ब हा नियम अ आणि ब दोन्ही धन असतील तेव्हाचाच आहे. ही अट पुस्तकात नियमाच्या शेजारी बारीक अक्षरात छापलेली असते आणि पाठांतरात नेमकी तीच गळते.

हा नियम येतो कुठून हे एकदा आकृतीत पाहिलं तर अट विसरली जात नाही. आलेखाच्या कागदावर य = १/क्ष चा वक्र काढा. १ पासून अ पर्यंत या वक्राखालचं क्षेत्रफळ म्हणजेच लॉग अ. लॉग आणि अपूर्णांक यांचं नातं इथपासून सुरू होतं: नैसर्गिक लॉग जन्मतोच मुळी १/क्ष या अपूर्णांकातून. सेंट व्हिन्सेंटच्या ग्रेगरीचा या वक्राखालच्या क्षेत्रफळांवरचा ग्रंथ १६४७ साली छापला गेला, आणि दोनच वर्षांनी, १६४९ मध्ये, दे सारासाने त्यातलं लॉगॅरिदमशी असलेलं नातं दाखवून दिलं. आता १ ते ३ मधलं क्षेत्रफळ घ्या आणि २ ते ६ मधलं घ्या. दुसऱ्या पट्ट्याची रुंदी दुप्पट आहे, पण त्यातल्या प्रत्येक ठिकाणी वक्राची उंची पहिल्यातल्या जोडीदार ठिकाणाच्या निम्मी आहे. रुंदी दुप्पट, उंची निम्मी, म्हणून क्षेत्रफळ तेवढंच. २ ते ६ मधलं क्षेत्रफळ म्हणजे लॉग ६ − लॉग २, आणि १ ते ३ मधलं म्हणजे लॉग ३, म्हणजेच लॉग(६/२). भागाकाराचा नियम हातात आला.

याच आकृतीत आणखी दोन गोष्टी दिसतात. १ च्या डावीकडे जायचं तर क्षेत्रफळ उलट दिशेने मोजावं लागतं, म्हणून ० आणि १ यांच्यामधल्या संख्यांचा लॉग ऋण असतो. आणि शून्याजवळ वक्र इतका उंच चढतो की क्षेत्रफळ कुठल्याही मर्यादेपलीकडे जातं, त्यामुळे शून्य ओलांडून ऋण बाजूला पोचायला वाटच नाही. म्हणजे लॉगच्या कंसात ऋण संख्या चालत नाही, पण लॉगची स्वतःची किंमत खुशाल ऋण असू शकते. या दोन गोष्टींची गल्लत हेच तुमच्या दुसऱ्या उदाहरणाचं दुखणं आहे. तिथे येतोच.

त्याआधी जी गोष्ट मी वर्गात सगळ्यात जास्त वेळा सांगतो, ती इथेही सांगायला हवी. लॉगचे नियम दोन दिशांनी वापरता येतात आणि दोन्ही दिशांचा धोका वेगळा आहे.

वेगळे लॉग एकत्र केले, म्हणजे लॉग अ − लॉग ब चं लॉग(अ/ब) केलं, की प्रांत मोठा होतो. आधी ज्या किमतींना मज्जाव होता त्यांना आत वाट मिळते. त्यामुळे एखादी जास्तीची, खोटी उकल येऊ शकते. हे घडलं तरी बिघडत नाही, कारण शेवटी उत्तर मूळ समीकरणात ठेवून पडताळा घेतला की ती पकडली जाते.

एक लॉग फोडला, म्हणजे लॉग(अ/ब) चं लॉग अ − लॉग ब केलं, की प्रांत लहान होतो. तेव्हा खरी उकलच बाहेर फेकली जाऊ शकते. आणि पडताळा घेऊन हे कधीच कळत नाही, कारण पडताळा हातात असलेल्या उत्तराचा घेता येतो, हरवलेल्याचा नाही.

उदाहरण: लॉग(क्ष²/९) = ०. सरळ सोडवा: क्ष²/९ = १, क्ष = ३ किंवा −३. दोन्ही बरोबर, कारण वर्ग केल्यावर कंसात धन संख्याच येते. आता हेच फोडून पाहा: २ लॉग क्ष − २ लॉग ३ = ०, म्हणून लॉग क्ष = लॉग ३, म्हणून क्ष = ३. −३ कुठे गेला? लॉग(क्ष²) चं २ लॉग क्ष केलं त्याच क्षणी तो गेला. फोडायचंच असेल तर २ लॉग|क्ष| लिहायला हवं, केवलमूल्याच्या उभ्या रेघांसकट.

म्हणून माझा आग्रह असा: समीकरण सोडवताना लॉग एकत्र करा, फोडू नका. विकलन करताना मोठा अपूर्णांक फोडणं सोयीचं पडतं, आणि ती सवय समीकरणांत शिरते. विकलनात तो गुण आहे, इथे नाही. आणि काही करण्याआधी, अगदी पहिल्या ओळीत, मूळ समीकरणाचा प्रांत लिहून ठेवा. मूळ समीकरणाचा, दोन पायऱ्या पुढच्याचा नाही.

उकल हरवण्याचा आणखी एक रस्ता भागाकारातून जातो. (लॉग क्ष)² = २ लॉग क्ष हे समीकरण दिलं की बरेच जण दोन्ही बाजूंना लॉग क्ष ने भागतात आणि लॉग क्ष = २, क्ष = ई² असं लिहून मोकळे होतात. पण लॉग क्ष शून्य असू शकतो, क्ष = १ असताना, आणि तीही उकल आहे. भागण्याऐवजी सगळं एका बाजूला आणा आणि सामाईक अवयव बाहेर काढा: लॉग क्ष (लॉग क्ष − २) = ०. दोन्ही उकली समोर येतात.

आता अपूर्णांकाची जागा. समीकरण वाचताना मी आधी एवढंच बघतो की अपूर्णांक लॉगच्या आत आहे, बाहेर आहे, की लॉगवर लॉग आहे.

[लॉग(३क्ष − २)]/४ = १/२ यात ४ हा पूर्ण लॉगचा छेद आहे. दोन्ही बाजूंना ४ ने गुणा, लॉग(३क्ष − २) = २, म्हणून ३क्ष − २ = ई², आणि क्ष सुमारे ३.१३०. हेच ४ कंसाच्या आत गेलं, लॉग[(३क्ष − २)/४] = १/२, तर आधी लॉग सोडवायचा आणि मग ४ ने गुणायचं: (३क्ष − २)/४ = ई चं वर्गमूळ, म्हणजे १.६४८७, आणि क्ष सुमारे २.८६५. हाताने लिहिलेल्या वहीत छेदाची रेघ अर्धा सेंटिमीटर इकडेतिकडे झाली की एका उदाहरणाचं दुसरं होतं. कंस घालण्याचा कंटाळा करू नका.

लॉगच्या आधी अपूर्णांक सहगुणक असेल तर तो घातांक होऊ शकतो, पण मला छेद आधीच उडवलेला जास्त आवडतो. (१/२) लॉग(क्ष + ३) = लॉग(क्ष − ३) घ्या. प्रांत क्ष > ३. दोनाने गुणा: लॉग(क्ष + ३) = २ लॉग(क्ष − ३) = लॉग(क्ष − ३)². म्हणून क्ष + ३ = क्ष² − ६क्ष + ९, म्हणजे क्ष² − ७क्ष + ६ = ०, क्ष = ६ किंवा १. एक प्रांताबाहेर आहे, ६ राहतो. पडताळा: लॉग ९ चा निम्मा म्हणजे लॉग ३, आणि उजवीकडे लॉग(६ − ३), तोही लॉग ३.

लॉगवर लॉग असला की सगळ्यात जास्त गफलत होते. लॉग(क्ष + ६)/लॉग क्ष = २. इथे वरचा आणि खालचा ‘लॉग’ हे शब्द एकमेकांना कापून (क्ष + ६)/क्ष = २ असं लिहिलेलं मी पेपरांत पुष्कळदा पाहिलंय. त्यातून क्ष = ६ येतं. ठेवून पाहा: लॉग १२ म्हणजे २.४८४९, लॉग ६ म्हणजे १.७९१८, भागाकार १.३८७. दोनाच्या जवळपासही नाही. लॉग ही संख्या नाही, ती क्रिया आहे. वर्गमूळाची खूण एकटी कापता येत नाही, तशी हीसुद्धा नाही. लॉगांचा भागाकार आणि भागाकाराचा लॉग या दोन निराळ्या गोष्टी आहेत. नियम फक्त दुसऱ्यासाठी आहे. इथे नेहमीच्या अपूर्णांकासारखाच छेदाने गुणाकार करायचा. प्रांत: क्ष > ०, आणि छेद शून्य होऊ नये म्हणून क्ष ≠ १. मग लॉग(क्ष + ६) = २ लॉग क्ष = लॉग क्ष², क्ष² − क्ष − ६ = ०, क्ष = ३ किंवा −२. −२ प्रांतात नाही. ३ ठेवला की लॉग ९ / लॉग ३ = २. जुळलं.

आता तुमचं दुसरं उदाहरण, लॉग क्ष − ६/(लॉग क्ष) = १. प्रांत वरच्यासारखाच: क्ष > ०, क्ष ≠ १. लॉग क्ष ला त म्हणा. त − ६/त = १. त ने गुणा (क्ष ≠ १ असल्यामुळे त शून्य नाही, म्हणून बिनधास्त): त² − त − ६ = ०, त = ३ किंवा −२.

तुम्ही −२ खोडलं ते इथे. ‘लॉगमध्ये ऋण चालत नाही’ हे वाक्य डोक्यात पक्कं बसलेलं असतं. पण ती अट क्ष ला लागू आहे, त ला नाही. त म्हणजे लॉगची किंमत, आणि ती ऋण असू शकते. वरच्या आकृतीत १ च्या डावीकडे गेलो तेव्हा हेच पाहिलं. लॉग क्ष = −२ म्हणजे क्ष = ई⁻², सुमारे ०.१३५३, धन संख्या. पडताळा: −२ − ६/(−२) = −२ + ३ = १. बरोबर. दुसरी उकल क्ष = ई³, सुमारे २०.०८६. तीही बरोबर: ३ − ६/३ = १. दोन्ही ठेवायच्या.

नवीन अक्षर धरलं की प्रांताची अट कोणत्या अक्षराची आहे हे त्याच ओळीत लिहून ठेवा. लॉग क्ष = त धरलं तर त वर धन असण्याचं बंधन नाही. ई चा क्ष वा घात त धरला तर मात्र आहे, कारण तो घात नेहमीच धन असतो. परीक्षेत हे दोन प्रकार शेजारी-शेजारी येतात आणि नियम अदलाबदल होऊन लागतात.

हे सगळं नुसतं गणिताच्या तासापुरतं नाही. बारावीच्या रसायनशास्त्रात अर्‍हेनियसचं समीकरण येतं. स्वीडनच्या स्वान्ते अर्‍हेनियसने १८८९ मध्ये मांडलेला हा संबंध दोन तापमानांसाठी असा लिहितात:

लॉग(वे₂/वे₁) = (ऊ/आर) × (१/ता₁ − १/ता₂)

वे म्हणजे अभिक्रियेचा वेगस्थिरांक, ऊ ही सक्रियण ऊर्जा, ता केल्व्हिनमधलं तापमान, आणि आर = ८.३१४ ज्यूल प्रति केल्व्हिन प्रति मोल. लॉगच्या आत एक अपूर्णांक, बाहेर तीन. या एका समीकरणात आपल्या विषयातला जवळजवळ प्रत्येक खड्डा आहे.

समजा २९८ वरून ३०८ केल्व्हिनला गेल्यावर वेग दुप्पट होतो. कंसातले दोन अपूर्णांक लसावि घेऊन एकत्र करा: (३०८ − २९८)/(२९८ × ३०८) = १०/९१७८४. मग ऊ = ८.३१४ × लॉग २ × ९१७८४/१०, म्हणजे सुमारे ५२.९ किलोज्यूल प्रति मोल. महाराष्ट्र बोर्डाच्या पेपरात लॉग टेबल वापरायची मुभा असते, कॅल्क्युलेटरची नाही. टेबल पाया १० चं. म्हणून पुस्तकातल्या सूत्रात २.३०३ हा आकडा बसवलेला असतो. तो म्हणजे पाया ई घेऊन काढलेला लॉग १०. टेबलातून ०.३०१० काढलं आणि २.३०३ ने गुणायला विसरलात तर उत्तर येईल २३ किलोज्यूल. उलट, नैसर्गिक लॉगची ०.६९३१ ही किंमत घेऊन वर पुन्हा २.३०३ ने गुणलंत तर १२१.८. आकडा वाटेल तसा भरवशाचा दिसतो, म्हणून ही चूक नजरेतून सुटते.

खरी कसोटी तापमान शोधायचं असतं तेव्हा लागते. तीच अभिक्रिया २९८ च्या चौपट वेगाने व्हायला तापमान किती हवं? ता₂ छेदात आहे. आधी तो अपूर्णांक एकटा करा:

१/ता₂ = १/२९८ − (८.३१४ × लॉग ४)/५२८९३ = ०.००३३५५७ − ०.०००२१७९ = ०.००३१३७८

आता पूर्ण उजव्या बाजूचा व्यस्त घ्या: ता₂ = ३१८.७ केल्व्हिन, म्हणजे सुमारे ४५.५ अंश सेल्सिअस. इथे पुष्कळ जण प्रत्येक पदाचा वेगळा व्यस्त घेतात: २९८ − १/०.०००२१७९. तो दुसरा आकडा साडेचार हजारांच्या वर जातो आणि तापमान येतं उणे चार हजारांच्या पुढे. केल्व्हिनमध्ये ऋण तापमान आलं म्हणजे थांबायची खूण. वजाबाकीचा व्यस्त म्हणजे व्यस्तांची वजाबाकी नव्हे. आधी एक संख्या करा, मग उलटी करा.

दुसरी काळजी दशांशांची. वरच्या ओळीत ०.००३४ − ०.०००२ = ०.००३२ असं गोळाबेरीज करून टाकलं तर ता₂ ३१२.५ येतं, सहा अंशांचा फरक. लहान अपूर्णांकांची वजाबाकी असताना शेवटपर्यंत निदान पाच सार्थ अंक सांभाळा आणि गोळाबेरीज अगदी शेवटी करा. आणि आणखी एक निरीक्षण: दहा अंशांना वेग दुप्पट, म्हणून वीस अंशांना चौपट असं धरलं असतं तर ३१८ आलं असतं. खरं उत्तर थोडं जास्त आहे, कारण समीकरणात ता नाही, १/ता आहे, आणि वर जाऊ तसं १/ता मधला तेवढाच बदल घडवायला तापमान जास्त वाढवावं लागतं.

राहिलं तिसरं उदाहरण, (लॉग क्ष)/क्ष = १/४. म्हणजे क्ष = ४ लॉग क्ष. इथे तुम्ही कमी पडला नाहीत. क्ष लॉगच्या आतही आहे आणि बाहेरही आहे, आणि अशा समीकरणाची उकल बेरीज, गुणाकार, घात आणि लॉग यांच्या नेहमीच्या भाषेत लिहिता येत नाही. त्यासाठी लॅम्बर्टचं फल नावाचं वेगळं फल वापरतात. योहान लॅम्बर्टने १७५८ मध्ये या जातीच्या समीकरणांवर काम केलं होतं. बारावीला ते नसतं. पण किती उकली आहेत आणि त्या कुठे आहेत, हे तुमच्या हातातल्या साधनांनी सांगता येतं.

(लॉग क्ष)/क्ष चं विकलन करा: (१ − लॉग क्ष)/क्ष². ते क्ष = ई ला शून्य होतं. त्याच्या आधी फल चढतं, नंतर उतरतं. सर्वांत मोठी किंमत १/ई, म्हणजे ०.३६७९. १ ला फल शून्य आहे, १ च्या डावीकडे ऋण, आणि क्ष खूप मोठा होत गेला की ते पुन्हा शून्याकडे जातं पण धनच राहतं. म्हणून उजवीकडे ०.३६७९ पेक्षा मोठी संख्या असेल, समजा २/५, तर उकलच नाही. शून्य आणि ०.३६७९ च्या मधली असेल तर दोन उकली: एक १ आणि ई यांच्यामध्ये, दुसरी ई च्या पलीकडे. १/४ या मधल्या पट्ट्यात आहे, तेव्हा दोन उकली शोधायच्या. परीक्षेत ‘उकलींची संख्या किती’ एवढंच विचारलेलं असेल तर काम इथेच संपलं.

आकडे हवे असतील तर फेऱ्या करा. मोठ्या उकलीसाठी क्ष = ४ लॉग क्ष या रूपातच उजवी बाजू काढून ती पुन्हा आत ठेवत जा. ८ पासून सुरुवात: ८.३१८, ८.४७४, ८.५४८, ८.५८३, ८.५९९... अंतर प्रत्येक फेरीत निम्म्याहून थोडं कमी उरतं, आणि दहा-बारा फेऱ्यांत ८.६१३ वर स्थिरावतं. घाई असेल तर न्यूटनची रीत लावा: ८.६ पासून एकाच पावलात ८.६१३२ मिळतं.

लहान उकलीसाठी हेच रूप वापरलं तर फसाल. १.४ पासून सुरू करा: १.३४६, १.१८८, ०.६९०, आणि पुढची संख्या −१.४९, जिचा लॉगच नाही. इथे फेरी उकलीपासून दूर पळते, कारण ४ लॉग क्ष चा उतार ४/क्ष आहे आणि १.४ च्या आसपास तो एकापेक्षा बराच मोठा आहे. समीकरण उलटं फिरवा: लॉग क्ष = क्ष/४, म्हणून क्ष = ई चा (क्ष/४) वा घात. आता १ पासून: १.२८४, १.३७९, १.४१२, १.४२३, आणि थांबतं १.४२९६ वर. उताराचा हा नियम लक्षात ठेवण्यासारखा आहे: ज्या रूपाचा उतार उकलीजवळ −१ आणि १ यांच्यामध्ये आहे ते रूप घ्या, दुसरं सोडा.

पडताळा इथेही घ्यायचाच. ८.६१३२ चा लॉग २.१५३३, आणि ८.६१३२ चा चौथा हिस्साही २.१५३३. १.४२९६ चा लॉग ०.३५७४, आणि चौथा हिस्साही ०.३५७४. सरावासाठी १/४ च्या जागी (लॉग २)/२ ठेवून तेच उदाहरण करून पाहा. क्ष = २ ही उकल लगेच दिसते; पण (लॉग २)/२ म्हणजे ०.३४६६, ०.३६७९ पेक्षा लहान, तेव्हा ई च्या पलीकडे आणखी एक असलीच पाहिजे. ती पूर्णांक आहे, आणि फेऱ्या न करता सापडते.